सातवा कोनाडा

माझं काम बसून राहण्याचं.
भिंतीत चौदा कोनाडे, समोर बाकडं,
बाकड्यावर मी, लोवर्निस्का,
व्हिरोकोनियमच्या न्हाणीघरात कपडे राखणारी.
सकाळी बायका, उतरत्या उन्हात पुरुष.
या शहराला मी चेहऱ्यांवरून कमी ओळखते,
काखेतल्या उसवणीवरून जास्त.

नगरसभेतला व्हिबुलस
जांभळ्या काठाचा अंगरखा असा काढायचा
की कुणी पाहत नसेल त्यानेही पाहावं.
काठ बापाचा, कापड नवं,
टाके बायकोचे, दिव्यात तेल नसतानाचे,
वाकडे जाऊन पुन्हा रांगेत आलेले.
यंदाचं भट्टीचं सरपण त्याच्या माथी होतं.
माथी आलं तसा तो शेतावर आजारी पडला.
तिथून निरोप धाडतो,
मी या नगराचा पाईक आहे म्हणून.

सगळी सोंगं आणता येतात,
पैशाचं सोंग आणता येत नाही म्हणतात.
आम्ही तेही आणलं.
चांभारांच्या गल्लीमागे मातीच्या साच्यात
कुणीतरी पैसे ओततं,
हलके, करंगळीच्या नखाएवढे.
ज्यांच्याकडे चांदीची नाणी आहेत
ते कडा कातरतात,
सम्राटाचं नाक तेवढं सांभाळून.
मला कोण काय देतं?
हाडाचा आकडा, अर्धी भाकर, उद्याचा वायदा.
सेनोवारा दोन अंडी देते
आणि आतून ओरडून विचारत राहते,
"फुटली नाहीत ना गं?"

भट्टी विझली त्या दिवशी कुणी काही बोललं नाही.
बेलाटरने राख ओढली,
फावडं धुतलं
(पंधरा वर्षांत त्याला फावडं धुताना मी पाहिलं नव्हतं),
आणि एकट्या डोंगराच्या दिशेने निघून गेला.
फरशी दुपारपर्यंत कोमट होती.
मांजरी सगळ्यांत शेवटी उठल्या.

दुसऱ्या दिवशी बायका आल्याच.
गार दगडावर पाय पोटाशी घेऊन बसल्या,
अंगाला चरबी चोळली, पात्याने निपटली,
कुणाची सून, कुणाचा दीर,
कुणाचा मुलगा फौजेबरोबर समुद्रापलीकडे गेला
तो काय परत येतोय.
मासळीचा आंबवलेला रस आता गॉलहून येत नाही,
म्हणून एकीने नदीतले मासे रांजणात कुजवले.
"वास बरोबर आला," ती म्हणाली,
"चव मात्र कुठेतरी वाटेत राहिली."
हसल्या सगळ्या. छताला आवाज घुमला.
पाण्यावाचून अंघोळ चालू राहिली.

थंडी पडली आणि सातव्या कोनाड्यातून
सातुर्नीनाची टोपीची घोंगडी गेली.
तिने शिशाचा पत्रा मिळवला,
आमच्याच नळाचा, वाकवलेला कळत होता.
त्यावर चोराचं नाव कोरायचं,
देवीच्या झऱ्यात टाकायचं,
मग चोराला ना झोप, ना मूल.
"राखणदार तू. नाव सांग."

मी पाहिलं होतं.
बेलाटरची धाकटी, मातुगेना,
अंगात खोकला, अंगावर एकच पातळ कापड.
ती घोंगडी पांघरून दारातून गेली तेव्हा
टोपी तिच्या हनुवटीपर्यंत आली होती
आणि तिला पायरी दिसत नव्हती.
मी बसल्या जागेवरून म्हटलं होतं, "डावीकडे."

"उंदीर असतील," मी म्हणाले.
"घोंगडी नेणारे उंदीर?"
"हल्ली काही सांगता येत नाही, बाई."

ती बराच वेळ माझ्याकडे बघत राहिली.
मग तिने शाप लिहिला,
नावाची जागा कोरी ठेवून.
टोक शिशावर कुरकुरत होतं.
देवी वाचेल तेव्हा त्या जागी
माझं नाव भरेल की काय, कोण जाणे.

सातव्या कोनाड्यात आता मी माझीच शाल ठेवते,
मोकळा दिसू नये म्हणून.
वर माणसं कौलं उतरवतायत,
कुणाच्या तरी गोठ्यासाठी.
उजेड बरा येतो.
सेनोवारा आत गेली आहे.
आज अंडी तीन आहेत.