पान ओलं ठेव

मी बेंजो वाजवायचो. माझ्याबद्दल सांगण्यासारखं एवढंच.
ढोलकीच्या पेटीवर पांढऱ्या रंगात लिहिलं होतं,
इंद्रावती रामटेके आणि पार्टी, इंदोरा, नागपूर.
त्यातल्या ‘आणि पार्टी’त मी.

दुपारी ती बीड्या वळायची.
मांडीवर सूप, नखाला पत्र्याचं टोक,
बोटांना हजाराचा हिशोब पाठ
आणि ओठांत अर्धवट चाल.
सुचलं की बंडलाच्या लेबलमागे लिहायची.
मोराच्या चित्रामागे आख्खं एक कडवं.
सट्टेदार विचारायचा, लेबलं कमी कशी भरतात?
उंदरं खातात जी, म्हणायची,
आणि रात्री तीच उंदरं
आम्हाला सुरात बसवून दाखवायची.

पहिली बिदागी मौद्याची:
अकरा रुपये आणि स्टीलचा एक गंज.
मग तुमसर, पवनी, साकोली,
गणेशपेठेहून शेवटची यष्टी,
टपावर पेटी, मांडीवर तिचं झोपलेलं पोर.
मिल बंद पडल्यावर नवराही यायला लागला.
सामान उचलायचा, माईकची वायर सोडवायचा,
गाणं सुरू झालं की मात्र
मंडपाबाहेर अंधारात जाऊन उभा राहायचा.
का, ते मी कधी विचारलं नाही.

आकाशवाणीत साहेब म्हणाले,
बाई, तुम्ही कोणत्या प्रकारात बसता?
ती म्हणाली, बसत नाही जी, उभ्यानंच गातो.
पत्र आलं नाही.
पुढच्या वर्षी पुन्हा गेली. तेच साहेब, तेच उत्तर.
तिसऱ्या वर्षी साहेब बदलले होते.

कॅसेट निघाली ती मे महिन्यात.
बर्डीवर तिसऱ्या मजल्यावर, रात्रभर.
आवाज येतो म्हणून कूलर बंद.
माझ्या बोटांचा घाम तारांवर,
तिच्या लुगड्याचा पदर पिळता येईल इतका ओला,
आणि पहाटे चारला, सगळे गळून गेल्यावर,
तिनं एका दमात गायलं:
‘पान ओलं ठेव बाई, सुकलं की चुरते,
हात हळू फिरव बाई, दिवस अजून उरते.’
काचेपलीकडचा पोरगा बटण दाबायचं विसरला.
पुन्हा गावं लागलं. पुन्हाचं तेवढं चांगलं नाही.
तुम्ही ऐकलं असेल, तर ते पुन्हाचं.

कव्हरावर तिचा फोटो पिवळट आला.
खाली बारीक अक्षरात: गीत – पारंपरिक.
तिनं ते दोनदा वाचलं, मग मला विचारलं,
हा पारंपरिक कोण आहे बे?
त्याले पैसे भेटले का?

शेठ म्हणाला, पुढच्या आवृत्तीत बघू.
आवृत्त्या झाल्या. बघितलं कोणी नाही.

परवा नारी रोडला एका हळदीत
आम्ही दोघं जेवायला बसलेलो.
आता ढोलकी नाही, पेटी नाही,
माझ्या बोटांना संधिवात, तिच्या डोळ्यांत मोतीबिंदू.
स्टेजवर एक पोरगी, कीबोर्डवर तिचा भाऊ.
म्हणाली, आपल्या आज्यापणज्यांपासून चालत आलेलं गाणं.
आणि सुरू केलं:
‘मन ओलं ठेव बाई, सुकलं की चुरते.’

माझा घास हातातच राहिला.
तिनं वरणात पोळी कुस्करली, शांतपणे खाल्ली,
हात धुतले, पदराला पुसले, आणि चालत गेली स्टेजपाशी.
मला वाटलं, आता सांगणार. इतक्या वर्षांचं सगळं.
तिनं एवढंच म्हटलं:
‘मन नाही माय. पान.
तेंदूचं पान. भिजवल्याबिगर वळता येत नाही ते.’
पोरगी हसली. मन बरं वाटतं ना आजी, लोकांना आवडते.
तुम्हाला कसं माहीत पण?

तिनं माझ्याकडं पाहिलं, म्हणजे
जिथं मी असेन असं तिला वाटलं तिथं.
‘ह्याले विचार. हा वाजवत होता.’

मी काय सांगणार होतो?
खरं सांगायचं तर मलाही
मध्ये काही वर्षं ‘मन’च बरं वाटायचं.
पोरगी थांबली होती, कीबोर्डचा सूर तसाच दाबलेला.
ती जाजमावर बसली, हात पुढं केला,
अंगठा आणि बोट हवेत हळूच वळवलं.
असं, म्हणाली. आता म्हण.