उजारलं

वैशाखात सहाला पाच कमी असताना
मी महापेची रात्रपाळी संपवून जिना चढते.
बाबा गॅलरीत बसलेले,
तोंड पारसिकच्या डोंगराकडे.
"उजारलं गो," म्हणतात,
जणू मीच आंधळी.

अकरा वर्षं झाली.
दिवा, दार, माझा चेहरा,
त्यांना सगळं सारखंच.

गेल्या साली दोन्ही डोळ्यांत ठणका मावेना.
वाशीतले एक म्हणाले, यांत आता काही उरलं नाही,
काढून टाकू, काचेचे बसवू,
लोकांना कळणारसुद्धा नाही.
बाबा मान हलवत राहिले. होकार की नकार, समजेना.

मग नौपाड्यात डॉक्टर शाहीन मुकादम.
त्यांनी डोळ्यांपुढे बोटं नाचवली नाहीत.
विचारलं, "काका, झोप कशी आहे?"
"येते येलंवर. आन् पाटं आपसूक जाग."
त्या पेन ठेवून हसल्या.
"मग डोळे अजून कामावर आहेत."

दृष्टिपटलात थोड्या पेशी असतात, म्हणाल्या,
ज्यांना आकार कळत नाही, रंग मोजता येत नाहीत,
कोण आलं कोण गेलं, काही नाही.
फक्त उजेड किती, आणि किती वेळ.
निळसर उजेडावर त्यांचा जीव.
बाकीच्या सगळ्या मेल्या तरी या तगू शकतात.
निरोप जातो आत खोल,
दोन्ही डोळ्यांच्या नसा एकमेकींना ओलांडतात
त्याच्या जरा वर,
तांदळाच्या कणीएवढ्या जागी.
झोप तिथून सुटते, भूक तिथून,
अंगाचा पहाटेचा गारवासुद्धा.

बाबांनी एवढं सगळं ऐकून
आपल्याच भाषेत मला सांगितलं, रिक्षात:
"मिठागरासारखं हाय.
कोंडीला काय दिसतं?
तापत बसते, भरत बसते.
सांजला मीठ."

मला मात्र पडदे आठवले.
मी आणले होते, दुकानदार म्हणाला होता
दुपारची रात्र करून देतो, ताई.
तीन आठवडे घरभर लावले,
माझी दिवसाची झोप सांभाळायला.
पहिल्या दिवशी बाबा सहाला उठले.
मग सहा वीस. मग पावणेसात.
रोज थोडे घसरत घसरत
एकदा दुपारी एकला उठून
त्यांनी दात घासले आणि चहा मागितला,
रात्री तीनला पुन्हा कपबशी वाजवत बसले.
"माझी झोप भरतीवर गेली गो," म्हणाले होते.
खाडीचं माणूस. भरती रोज पाऊण तास उशिरा येते,
हे त्यांना पंचांगाआधी ठाऊक.
मी समजले, म्हातारपण.

आता पडदे फक्त आतल्या खोलीत.
डोळे राहिले, ठणकासकट,
दिवसातून चारदा थेंब,
आणि बाटली कुठली, ते झाकणाच्या खाचेवरून.

रात्री तीनला, महापेत,
सर्व्हरांच्या रांगांपुढे
माझ्या तीन पडद्यांचा निळा उजेड.
मला सगळं दिसतं: आकडे, तापमान, लाल ठिपका.
आणि माझ्या आतली ती कणी
मुकाट ऐकून घेते
की ही सकाळ आहे, उठ.
पोटात भूक लागते, कसली ते कळत नाही.
कोण खोटं बोलतंय, ते मी तिला सांगू शकत नाही.

घरी येताना काळा चष्मा घालते.
रिक्षावाले वळून बघतात, एवढ्या सकाळी चष्मा.
गॅलरीत बाबा,
उघडे, पांढुरके डोळे
सरळ उजेडात धरून,
जसा कुणी हात धुवायला पाण्याखाली धरावा.

"झोप आता," म्हणतात.
मी चष्मा काढत नाही.
त्यांना दिसत नाही मी काय घातलंय,
तरी जरा थांबून म्हणतात,
"तुझी रात गेली कुठं गो?"

आतून पडदा ओढते.
कडेला एक फट राहते, बोटाएवढी.
आज ती बुजवत नाही.