नाव टाकून मिळेल

इतवारीत, भांडे ओळीच्या तोंडाशी
एका दुकानाच्या ओट्यावर माझी मशीन.
मुठीत मावते. सुई थरथरते,
सुरू केली की बघणाऱ्याच्या दातांत कळ जाते.
एकतीस वर्षं टाकतो आहे नावं
ताटांवर, गडव्यांवर, गुंडांच्या गळ्याला.
एकदा कोणी चमच्यावर मागितलं
"कै. सोनाबाईच्या स्मरणार्थ".
मी "कै. सो." एवढंच टाकलं, तर भांडून गेले.

लग्नसराईत कूलरचं पाणी आटलेलं,
घाम मनगटावरून उतरायचा भांड्यावर,
त्याच ओल्या बोटांनी भांडं दाबून धरायचो,
बारीक भुगा फुंकायचो.
फुंकला म्हणजे गेला, असं वाटायचं.

खाज आधी तर्जनीच्या कडेला आली.
गजकर्ण म्हणाले लोक.
मग बेंबीखाली,
पट्ट्याच्या बकलाएवढा लाल चौकोन,
चारही कोपरे नीट.
तेव्हा मेयोत गेलो.

डॉक्टर गजभिये, माझ्या मुलीच्या वयाची.
काका, शर्ट काढा.
पाठीवर पट्ट्या चिकटवल्या, बारक्या कप्प्यांच्या,
आणि बाजूला पेनानं आकडे टाकले.
आयुष्यात पहिल्यांदा माझ्यावर कोणी काही लिहीत होतं.
गुदगुल्या झाल्या.
आंघोळ बंद. मे महिना, नागपूर.
शकुन म्हणाली, तुमी गच्चीवर झोपा बरं.

पट्ट्या निघाल्या. पाच नंबरखाली
लाल, उठलेलं, बोटाला लागेल असं.
निकेल, ती म्हणाली. स्टीलमध्ये असतं.
शंभरात आठ भाग.
पेट्यांवर अठरा-आठ मी रोज वाचत होतो,
मला वाटायचं, मापं असतील.

सगळ्यांना होत नाही, काका.
पण कातडीनं एकदा ओळख धरली
की ती विसरत नाही.
नव्या पातेल्यात आंबट शिजवू नका,
अंबाडी, चिंच मातीच्या भांड्यात करा.
आणि घ्यायचंच तर चुंबक चिकटेल ते स्टील घ्या,
त्यात निकेल नसल्यातच जमा.

मी हसलो. तिला कळलं नाही काऊन.

माझ्या गल्ल्यात एक चुंबक असतो,
जुन्या स्पीकरमधला, कडेचा टवका गेलेला.
गिऱ्हाइकाला दाखवतो :
चिकटला तर डुप्लिकेट, ताई, घसरला तर असली.
पारडीची एक बाई ताट परत घेऊन आली होती,
चिकटलं म्हणून.
मुलीच्या सासरी हसतील म्हणाली.
पण नाव टाकलेलं भांडं दुकानदार घेत नाही,
आणि नाव मी टाकलं होतं.
पदराखाली झाकून ती ताट घेऊन गेली.
ते ताट आज माझ्या कामाचं होतं.

घरी फळीवर शकुनचा गुंड आहे.
लग्न ठरलं होतं, मी फक्त फोटो पाहिलेला,
तिचा मामा गुंड घेऊन ओट्यावर आला.
मला ओळखलं नाही त्यानं.
"चि. सौ. कां. शकुन हिस, नत्थूजी धकाते, तांडापेठ."
अक्षरामागं आठ आणे घेतले मी, पुरे.
हात हलत होता, उकार राहिला.
सत्तावीस वर्षं झाली, ती त्या गुंडावर शकन आहे.

रात्री चुंबक घेऊन स्वयंपाकघरात हिंडलो.
झाऱ्याला चिकटला. पोळपाटाच्या खिळ्याला चिकटला.
गुंडाला लावला तर घसरला,
फरशीवर पडला, आणखी एक टवका गेला.
आतून आवाज आला,
काय शोधून राहिले जी एवढ्या रात्री?

काही नाही, म्हटलं.
तुझा उकार.