मोजणी

न्यायाधीशांनी विचारलं होतं : जमीन तुमची, तर कागद कुठे?
म्हणून ब्रिटिश कोलंबियाच्या त्या खाडीत आम्ही उतरलो,
मी, कंपनीचा एक माणूस, आणि अर्नेस्टीन,
वय एकोणऐंशी, पायांत पिवळे रबरी बूट.
काठी कशाला, म्हणाली,
धरायला इतकेजण उभे आहेत.

पाऊस थांबला होता, शेवाळ ठिबकत होतं.
सीडरच्या तांबूस अंगावर
कमरेपासून वर निमुळती होत गेलेली उघडी चीर,
दोन्हीकडून झाडाने ओठ मिटत आणलेले,
पुरते न मिटलेले.

वीज पडली असेल, कंपनीचा माणूस म्हणाला.
किंवा अस्वल.
अर्नेस्टीनने दोन तळवे शेजारी शेजारी
चिरेच्या बुडाशी टेकवले.
नेमके बसले.
वीज माप घेऊन पडते का रे?
तिने हे झाडाला विचारलं.

मी गिरमिट लावलं.
पेन्सिलीहून बारीक, ओली कांडी निघाली,
ती सरबताच्या नळीत सरकवली. हाताला वास राहिला.
याच वासावरून म्हणे खलाशांनी याला सीडर म्हटलं,
पोथीतल्या डोंगरावरचं, मंदिराच्या तुळयांचं झाड
इथे सापडलं असं वाटून.
शास्त्र म्हणतं, तो हा नव्हे.
हिमालयात एकाच्या तर नावातच देव,
तोही याचा सख्खा नाही.
नाक ऐकत नाही.
अर्नेस्टीन हसली :
नावं पाहुणे ठेवतात. आम्ही हाक मारतो.

मग न विचारताच सांगू लागली :
रस चढतो तेव्हा यायचं. आधी बोलायचं.
साल कशाला हवी ते सांगायचं,
टोपीला, दोराला, पाळण्यात अंथरायला.
खोटं बोललं की पट्टा मध्येच तुटतो.
मग बुडाशी छेद, आणि ओढत मागे मागे चालायचं,
तोंड त्याच्याकडेच.
दोन तळव्यांहून जास्त नाही.
जास्त घेतलं तर?
ती काही बोलली नाही.
पलीकडच्या उतारावर नुसती खोडं होती.

रात्री बोटीतल्या दिव्याखाली वलयं मोजली.
दोनशे चौदा.
पुन्हा मोजली. दोनशे चौदा.
म्हणजे हा किनारा कुणा राणीच्या नावावर लागण्याआधी
एक बाई इथे उभी होती,
तिला काहीतरी हवं होतं,
आणि ती खरं बोलली होती.

अहवालात लिहिलं : व्रण, मानवी हाताचा.
रुंदीच्या रकान्यात 'दोन तळवे' लिहिलं, खोडलं,
सेंटीमीटर टाकले.

सकाळी निघताना अर्नेस्टीन म्हणाली,
तू भोक पाडलंस. त्याला सांगितलंस का, कशाला?
काय सांगू, मी म्हटलं.
तिने खांदे उडवले.

कंपनीचा माणूस इंजिन सुरू करत होता.
मी परत वर चढलो,
टोपी काढली,
आणि बराच वेळ घसाच खाकरत राहिलो.