सहा नग

सुरतेहून आलेलं खोकं
स्नेहलच्या आईने परस्पर माझ्या घरी आणून ठेवलं.
“सहा आहेत, मोजून घे,” म्हणाल्या,
“आणि तुझ्या त्या मानेवाड्याच्या बाईकडून तेवढी इस्त्री.”
मार्चपासून स्नेहल माझ्याशी बोलत नाही,
किंवा मी तिच्याशी.
हे त्यांना माहीत नसावं.
किंवा असावं.
खोक्यावरची चिकटपट्टी दोनदा लावलेली होती.

वांगी रंगाचं सॅटिन.
एकेक गाऊन पुठ्ठ्याभोवती असा आवळलेला
की पुठ्ठा काढून फेकला
तरी त्याचे चारही कोपरे कापडात राहिले.

आधी घरीच सगळं करून पाहिलं.
न्हाणीघरात टांगले, नळ सोडला.
मे महिना, टाकीतलं पाणी तसंही उकळलेलं,
पण वाफ खिडकीपर्यंतही पोचेना,
पंचेचाळीस डिग्रीने ती वाटेतच पिऊन टाकली.
मग कूलरसमोर धरले.
खसाचा वास लागला, चुण्या होत्या तिथेच.
मग पाणी शिंपडून इस्त्री. एका गाऊनच्या कमरेशी
रुपयाएवढा चकाकता डाग,
आणि मी बटण बंद केलं.
तो गाऊन माझा होता. निदान मापाने.

प्रत्येक गळ्याला टाचणीने चिठ्ठी, स्नेहलच्या अक्षरात.
रुचा. मोनाली. शाहीन. तृप्ती. देवयानी.
माझ्या चिठ्ठीवर नाव नाही, नुसतं ‘बोका’,
होस्टेलमधलं.
हे फेब्रुवारीत लिहिलं की परवा,
शाईवरून कळत नाही.

दुपारी दोनला कौतिकाबाईचं टिनाचं शेड.
रस्त्यावर चिटपाखरू नाही.
“नग किती?”
“सहा.”
“याले गाऊन म्हन्ते? आमी त गाऊन रात्री घालतो, व माय!”
हसता हसता दोन बोटांनी कापड चाचपलं,
आणि हसू गेलं.
“पाणी काहून शिंपडलं? थेंबाचे डाग पडते ना.”

गाऊन उलटा केला.
जुन्या धोतराचा तुकडा ओला करून, पिळून पिळून
वर पसरला.
इस्त्रीतले निखारे चिमट्याने कमी केले,
मनगटाजवळ धरून अंदाज घेतला.
मी म्हटलं, “जोरात दाबा ना थोडं.”
“रेटलं का चुणी पक्की होते, बाई.
ठेवायची, उचलायची. ठेवायची, उचलायची.
तिले वाटलं पाह्यजे का आपणच चाललो.”

ठेवली. उचलली.
मार्चमध्ये मी म्हटलं होतं,
तो आधी तुझा पगार विचारतो, मग तुला.
ती म्हणाली होती,
तुला कोणी काहीच विचारत नाही, म्हणून जळतेस.
गोकुळपेठेत, भर दुकानात,
गळ्यात शिंप्याची टेप असताना.

पाच नग झाले. सॅटिन आता सांडल्यासारखं
हँगरवरून खाली येत होतं.
सहाव्याला वेळ लागला.
डाग तिने व्हिनेगरच्या बोळ्याने पुसट केला,
पण कमरेवरची आडवी घडी
तीनदा ओलं धोतर ठेवूनही हलेना.
“राहू दे एवढी,” कौतिकाबाई कपाळ पुसत म्हणाली.
“अंगात घातलं का अंगाच्या गरमीनं जाते.
नुस्तं टांगून ठेवलं त नाही जात.”

तीनशे साठ झाले. सुटे नव्हते,
चाळीस तिच्याकडेच ठेवले.

ऑटोत मी हात वर करून बसले,
सहा हँगर वरच्या दांडीला धरून.
सक्करदऱ्याच्या सिग्नलला खांदा भरून आला,
हात खाली घेतला नाही.
ऑटोवाल्याने आरशातून विचारलं,
“कोणाचं लग्न हाय, ताई?”
सांगायला तोंड उघडलं
तर आधी गरम झळच आत आली.
“मैत्रिणीचं,” म्हटलं.
आणि चौक ओलांडल्यावर,
“भाऊ, लॉनवर नको.
आधी तिच्या घरी घ्या.”