तिच्या जागी

एकोणीसशे सत्तावन्न, फेब्रुवारी, बियाँकूरचा स्टुडिओ.
उंची? एक मीटर चौसष्ट.
केस? तांबूस.
मग इथं उभी राहा, हलू नकोस.
झाली मुलाखत.

फरशीवर खडूची फुली, फुलीवर मी, वय एकोणीस.
दिवे तोंडावर चढायचे, उतरायचे.
गास्तों टेपचं एक टोक माझ्या नाकाशी धरायचा,
दुसरं भिंगाशी,
आणि आकडा ओरडून सांगायचा.
सगळं जुळलं की मी बाजूला,
आणि एलियान तूर्नेल यायची.
थंडीत कुणी अंथरूण उबवून ठेवावं
तशा, मी उबवलेल्या उजेडात
पाय ठेवायची.

मूळची ती तूर्नेबिज.
फलकावर मावेना म्हणून निर्मात्यानं शेपूट छाटलं.
वडील तिएर गावात सुऱ्यांना धार लावायचे,
कापाकापीचं तिला काय!

तिचे बूट मला घालावे लागत,
टाचेची उंची तीच हवी म्हणून.
एक नंबर मोठे. मी पुढं वर्तमानपत्र कोंबायची.
आमचं बोलणंही बहुतेक पायांवरून:
"आज कुठं टोचतंय?"
"डावीकडं, बाई."
"मलाही."

दुकानातली पोरगी झाली, जोगीण झाली,
तीनदा हेर, एकदा राणी,
जिला अख्ख्या सिनेमात दोनच वाक्यं.
सहा वेळा मेली.
दर खेपेला तासभर आधी मी मरून पाहिलं.
नीसला तर शवपेटीत चक्क घोरले,
आणि दिवेवाल्यांनी टोप्या काढल्या.

एक्केचाळिसाव्या वर्षी तिचा फोन वाजायचा थांबला.
तिचा थांबला म्हणजे माझाही.
मोंत्रयमध्ये मी बटणांच्या दुकानात लागले.
एक दिवस रेडिओवर धुण्याच्या पावडरीची जाहिरात,
आणि आवाज तिचा.
हस्तिदंती बटणं, चार भोकांची, मोजत होते.
पुन्हा पहिल्यापासून मोजावी लागली.
अकरा वर्षं गेली अशी.

मग एक पोरगा आला, सव्वीस वर्षांचा, गळ्यात मफलर.
म्हणाला, मला सुरकुत्या हव्यात.
रंग नको, दिवे नकोत,
खिडकीतून येईल तेवढाच उजेड.
मग तिच्या जागी उभं राहायला बाई कशाला?
ती म्हणाली, "ती नसली तर
उजेड कुठं आहे ते मला कळत नाही."
पोरगा हसला. पण मला बोलावलं.

द्येपची खिडकी, मागं समुद्र राखी.
सफरचंदं सोलते ती, अकरा मिनिटं, एक शब्द नाही.
सोलायची आधी मी सोलली होती,
दोन दिवस, टोपलीभर.
तिला बक्षीस मिळालं.
मंचावरून तिनं सगळ्यांचे आभार मानले,
कुत्र्याचेसुद्धा.
माझं नाव राहिलं.
वाईट वाटलं. खोटं कशाला बोलू.

शेवटच्या सिनेमाला ती त्र्याऐंशीची.
उभं राहवेना. खुर्ची आणली,
तिथून ती बघत बसली,
मी फुलीवर, एकुणऐंशी, एक गुडघा खोटा.
कॅमेऱ्यांना आता अंधारातही दिसतं,
टेप कुणी धरत नाही.
तरी तिनं त्या पोराला, आता टकला तो, हाक मारली:
"रेमोंदच्या गालावर सावली पडलीय. दिवा थोडा वर घ्या."
साठ वर्षांत पहिल्यांदा
कुणी तो दिवा माझ्यासाठी हलवला.

नोव्हेंबरात तिएरला पुरलं तिला. चढावर, चिखलात.
या खेपेला ती आधी गेली.
मी मागं उभी, फुलांच्या गर्दीत,
आणि सवयीनं पाय जमिनीवर खूण शोधत होते.

काल तिच्या लेकीनं खोकं पाठवलं.
बूट. करडे, टाच पाच सेंटिमीटर.
आत अजून माझा कागद:
बटाट्याचे भाव, हरवलेली सायकल,
उद्या उत्तरेला धुकं.
कागद काढला, पाय घालून पाहिला.
पाय सुजलेत आता.
बरोब्बर बसतो.