हिश्श्यापोटी

अर्जात सात परिच्छेद होते.
पहिल्यात मी, कुमुदिनी बोरगावकर, वय अठ्ठावन्न.
दुसऱ्यात मल्हारगंजातली चक्की आणि तिच्या चतुःसीमा:
पूर्वेला गल्ली, पश्चिमेला रंगरेजाचं घर,
उत्तरेला नाला, दक्षिणेला देवळाची भिंत.
तिसऱ्यात भाऊ, मुकुंद, जो ती विकायला निघालाय.
पुढे वकिलांचे ठरलेले तीन शब्द:
प्रथमदृष्टया, सुविधा का संतुलन, अपूरणीय क्षति.
हे तीन खांब, चौकसे साहेब म्हणाले,
यांच्यावर स्थगिती उभी राहते.

सातव्यात होतं
की मला आजवर एक छदामही मिळालेला नाही.

आम्ही घरात मराठी. खोटंही मराठीतच बोलायचो
आणि ते लगेच पकडलं जायचं,
आईला तर वाढता वाढताच कळायचं.
सातवा परिच्छेद हिंदीत होता,
टाइप केलेला, मोकळ्या ओळींचा,
नोटरीच्या गोल शिक्क्याखाली
तो माझा वाटतच नव्हता.
सही मात्र माझी.
अंगठ्याला जांभळी शाई लागली ती दोन दिवस राहिली.
चोळली, तर पीठ निघालं, शाई नाही.

कागद हळदीच्या डब्याखाली होता.
बिलबुकाचं पाठकोरं पान, माझंच अक्षर:
चक्कीतल्या हिश्श्यापोटी मुकुंदकडून
दोन लाख सत्तर हजार मिळाले.
खाली रेव्हेन्यू तिकीट, तिकिटावरून आडवी गेलेली मी.
तेव्हा ह्यांचं डायलिसिस चालू होतं, आठवड्यातून दोनदा,
एमवायचा तो लांब व्हरांडा.
मुकुंदनं पैसे रुमालात बांधून आणले होते.
मोज म्हणाला नाही.
मी मोजले.

चौकसे म्हणाले, वो दिखाएँगे तब देखेंगे,
आपण होऊन निखारा कशाला उचलायचा.
मग पाणी प्यायले, आणि काय वाटलं कुणास ठाऊक,
म्हणाले, वैसे स्थगिती मागणाऱ्याचे
हाथ साफ चाहिए.

माझे हात कसे ते मी कशी सांगू.
पहाटे पाचपासून ते पांढरेच असतात.

तारखेला मीच कागद पुढे केला.
चौकसे साहेब अर्धवट उठले, तसेच राहिले.
बाईसाहेब तरुण होत्या, माझ्या पुतणीएवढ्या.
त्यांनी पान उलटं करून पाहिलं, सुलटं करून पाहिलं.
ये मराठी है. हिश्श्यापोटी, मतलब?

मुकुंद मागे भिंतीला टेकून,
हातात प्लास्टिकची पिशवी.
'हिस्से में से' म्हटलं असतं
तर माझा उरलेला हिस्सा श्वास घेत राहिला असता.
'हिस्से के बदले' म्हटलं असतं
तर चक्कीचा पट्टा तिथंच उतरला असता.
एका शब्दाच्या पोटात दोन्ही,
आणि त्या खोलीत तो शब्द कळणारी माणसं दोनच,
वर्षभर एकमेकांकडे न बघितलेली.

मी म्हणाले, मैडम, लिहिताना ठरवलंच नव्हतं.
पैसे हवे होते. हा म्हणाला लिही, मी लिहिलं.
(हे सगळं मी मराठीतच बोलत सुटले होते.
त्यांनी थांबवलं नाही.)
और सातवाँ पैरा गलत है.

चौकसेंनी पेनाला टोपण लावलं.
बाईसाहेब बराच वेळ लिहीत होत्या.
पुकारा झाला, पुढच्या प्रकरणाचे लोक आत घुसले,
स्थगिती राहिली की उठली
ते त्या गर्दीत मला ऐकूच आलं नाही.
बाबू म्हणाला, नक्कल कल मिलेगी.

जिन्यावर मुकुंदनं पिशवी उघडून दाखवली.
त्याच कागदाच्या तीन झेरॉक्स,
तिन्हींत 'पोटी'खाली लाल रेघ.
सहा रुपये वाया गेले, म्हणाला.
हसला की नाही, मी पाहिलं नाही.
रिक्षा करतेस का, त्यानं विचारलं.
नको म्हटलं, चालत जाते,
साळवींचे दोन डबे पडलेत,
जाडसर दळायचेत.